शाळा भरलीच नाही, तर सुटणार कशी?

सन्माननीय अध्यक्ष महाशय! आपण आजच्या समारंभाचेही अध्यक्ष आणि आपल्या शिक्षणसंस्थेचेही, तेव्हा एकाच नमस्कारात दोघांनी भागवून घ्यावं. ज्यांच्या बंदोबस्तामुळे आपली शाळा गेल्या वर्षी घराघरात पोचली ते आजचे प्रमुख पाहुणे, पोलीस खात्यातले आपले साहेब. ज्यांच्या आंदोलनामुळे त्या बंदोबस्ताची गरज पडली ते विशेष अतिथी, आपले भाऊ. माझे सहकारी शिक्षक-शिक्षिका, पालक, आजी-माजी विद्यार्थी, आणि शेवटच्या रांगेत बसून आत्तापासूनच घड्याळाकडे बघणारे आमचे हे, तुम्हां सर्वांना माझा मनापासून नमस्कार.

माझ्याविषयी आत्तापर्यंत पाच जण बोलले. मी किती चांगली मुख्याध्यापिका होते हे मला आज इतक्या उशिरा कळलं याचं वाईट वाटतं. आधी कळलं असतं तर आणखी थोडी वर्षं राहिले असते.

आता सन्मानपत्राविषयी. चौकट सुंदर आहे. अध्यक्षांनी ते वाचलंही भारदस्त आवाजात. त्यात म्हटलंय की मी 'स्वेच्छेने' मुदतीआधी निवृत्त होत आहे. माझी ही इच्छा मला अध्यक्षांकडूनच कळली, त्याबद्दल त्यांचे आभार. आपल्या मनात काय आहे ते आपल्याआधी दुसऱ्याला कळावं, इतकी जवळीक हल्ली घरातसुद्धा राहिलेली नाही.

आयुष्यभर भाषा शिकवल्यामुळे कागद हातात आला की माझा हात लाल पेन शोधतो. या सन्मानपत्रात तीन चुका आहेत. दोन शुद्धलेखनाच्या, त्या मी घरी गेल्यावर दुरुस्त करीन. तिसरी चूक या वाक्यात आहे: 'पोलिसांच्या मोलाच्या सहकार्याने शाळा एकही दिवस बंद न ठेवता चालू राहिली.' हे वाक्य व्याकरणदृष्ट्या अगदी निर्दोष आहे. तेवढंच.

म्हणून परवानगी असेल तर थोडा खुलासा करते. मागच्या बाकावरची कुजबुज थांबवा. क्षमा करा, सवय आहे.

खाणीजवळच्या वस्तीत दोन खोल्यांची एक शाळा होती, हे आपल्यातल्या पुष्कळांना ती पडल्यावर कळलं. एका रविवारी तिचं छत खाली आलं. रविवार होता म्हणून खाली कोणी नव्हतं. शिक्षण कार्यालयाचा आदेश आला की जवळच्या शाळेनं ती मुलं सामावून घ्यावीत. जवळची शाळा म्हणजे आपली. आपल्याकडे दोन खोल्या मोडक्या बाकांना राहायला दिल्या होत्या. बाक हलवले. बाकांनी हरकत घेतली नाही. हरकत पालकांनी घेतली.

हरकती तीन होत्या. आपल्या मुलांच्या डोक्यात उवा होतील, आपली मुलं शिव्या शिकतील आणि शाळेचा निकाल घसरेल. उवांबद्दल माझा अनुभव असा की ऊ हा फार समतावादी जीव आहे, तिनं आजवर कोणाची वस्ती विचारून मुक्काम केलेला नाही. शिव्यांबद्दल सांगायचं तर आंदोलनाच्या पहिल्याच सकाळी ज्या माझ्या कानावर पडल्या, त्या ऐकून वस्तीतली मुलं माझ्याकडे बघायला लागली. त्यांना अर्थ विचारायचा होता.

आणि आंदोलनाचं नेतृत्व भाऊंनी करावं हे ओघानंच आलं. गावात मांडव, खुर्च्या आणि लाउडस्पीकर भाड्यानं देणारे तेच एक. बाकी कोणाला पुढारी व्हायचं असतं तर सामान भाऊंकडूनच आणावं लागलं असतं. आजचा हा मांडव त्यांचा, तुमच्या बुडाखालच्या खुर्च्या त्यांच्या आणि माझ्या तोंडासमोरचा हा माइकसुद्धा त्यांचाच. त्यामुळे मी शब्द जपून वापरते आहे हे तुमच्या लक्षात आलंच असेल.

शाळेच्या फाटकासमोर मांडव पडला. मी बघायला गेले. पाहते तो निम्मे आंदोलक माझेच विद्यार्थी! मला बघून दोघांनी सिगारेट पाठीमागे लपवली. एकाच्या हातात पाटी होती, 'आमच्या मुलांच्या भवीतव्याशी खेळू नका'. मी म्हटलं, "अरे, भवितव्यातला वि ऱ्हस्व. किती वेळा सांगितलं होतं?" तो खाली मान घालून म्हणाला, "चुकलं बाई." दुसऱ्या दिवशी पाटी नव्यानं रंगवून आली. त्यावर लिहिलं होतं, 'खाणीची घाण शाळेत नको.' शुद्धलेखनात एक चूक नाही. शिक्षिकेच्या आयुष्यात असा क्षण येतो की शिकवल्याचं फळ हाती पडतं आणि ते कुठे ठेवावं हेच कळत नाही.

लाउडस्पीकर सकाळी शाळेबरोबर सुरू व्हायचा. मी तिसरीत कविता म्हणायला लागले की बाहेरून घोषणा यायची आणि मुलं सवयीनं दोन्हींना चाल लावायची. गणिताचे सर पाढे म्हणवून घ्यायचे, सात चोक अठ्ठावीस झालं की अख्खा वर्ग "नाही चालणार, नाही चालणार!" शेवटी मी ठरवलं की पोलीस संरक्षण मागायचं. सरळ आपल्या पायांनी ठाण्यात गेले. कोणी मला ढकललं नव्हतं.

साहेबांनी मला बसायला खुर्ची दिली, चहा मागवला. माणूस सौजन्यशील, यात वाद नाही. म्हणाले, "बाई, धोका नेमका कोणाला आहे?"

"मुलांना."

"कोणत्या मुलांना?"

"शाळेतल्या."

"शाळेत तर दोन्ही प्रकारची आहेत ना."

मी म्हटलं, "साहेब, मुलगे आणि मुली असे दोन प्रकार आहेत. तिसरी वर्गवारी मला माहीत नाही."

साहेब हसले. त्यांनी मला बंदोबस्ताचं शास्त्र समजावून सांगितलं, ते मी आजवर विसरले नाही. म्हणाले, "हे बघा, भांडणाला दोन बाजू लागतात. एक बाजू हलवली की भांडण मिटतं. आणि हलवायचीच तर लहान बाजू हलवावी. मोठी जड असते."

मला वाटलं ते गमतीनं बोलतायत. गमतीनं बोलायची सवय मला होती, त्यांना नव्हती.

दुसऱ्या दिवशी दोन शिपाई आले. त्यानंतर आणखी. मग एक गाडी आली आणि ती खेळाच्या मैदानात उभी राहिली, म्हणून खेळाचा तास बंद. शिक्षकांच्या खोलीत पंखा चांगला म्हणून ती साहेबांचं कार्यालय झाली. आमचे सर आणि बाई प्रयोगशाळेत सांगाड्याशेजारी बसून वह्या तपासायला लागले. वस्तीतल्या मुलांसाठी रिकाम्या केलेल्या दोन खोल्यांपैकी एका खोलीत पोलिसांच्या ढाली, काठ्या आणि शिरस्त्राणं ठेवली. मुलं उरलेल्या एका खोलीत. म्हणजे संरक्षण आलं आणि ज्यांचं संरक्षण करायचं त्यांना उभं राहायला जागा उरली नाही. तक्रार नाही करत, नुसतं सांगते आहे.

फाटकावर दप्तरं तपासायला लागले. पहिल्याच दिवशी पाचवीच्या वर्गाचे सगळे कर्कटक जप्त. का? तर टोकदार हत्यार! साहेब, त्या आठवड्यात भूमितीची चाचणी होती. पाचवीच्या समस्त मुलांनी डब्याच्या झाकणानं वर्तुळं काढली. गणिताचे सर मला म्हणाले, "बाई, त्रिज्या विचारली तर पोरं सांगतात, भाजीच्या डब्याची."

पोलिसांना सावली हवी म्हणून त्यांचाही मांडव लागला. तो कोणाकडून आला असेल? बरोबर! त्यामुळे भाऊंचे दोन्ही मांडव समोरासमोर, मधून रस्ता. आंदोलक घसा बसला की पोलिसांच्या खुर्च्यांवर येऊन टेकत आणि पोलीस कंटाळले की तिकडे जाऊन चहा घेत. बंधुभावाचं इतकं सुंदर दर्शन मी पाठ्यपुस्तकाबाहेर प्रथमच पाहिलं. त्या बंधुभावाच्या बाहेर कोण होतं? शाळा. तेवढी एकच.

आता वस्तीतली मुलं आत कशी यायची? साहेबांनी तोडगा काढला. त्यांना मागच्या दारानं, मुताऱ्यांच्या बोळातून आत घ्यायचं. म्हणजे कोणाला दिसणार नाहीत, कोणाचा संताप होणार नाही. मीही काही दिवस चालवून घेतलं. म्हटलं, येतायत ना आत, येऊ दे. पण एका सकाळी वस्तीतल्या बायका मला भेटायला आल्या. त्यांच्यात एक खडी फोडणारी बाई पुढे होती, हातावर पांढरी धूळ तशीच. तिनं विचारलं, "बाई, आमच्या पोरांनी काय चोरी केलीय का, मागल्या दारानं यायला?"

मी म्हटलं, "नाही."

"मग उद्यापासून पुढून येतील."

मी हो म्हटलं. मग शिक्षकांच्या खोलीत जाऊन साहेबांना कळवलं. साहेब म्हणाले, "आम्ही आहोत ना." हे वाक्य खरं होतं. ते होते.

दुसऱ्या सकाळी बायका मुलांचे हात धरून रस्त्यानं आल्या. समोर भाऊंची माणसं, मध्ये लोखंडी बॅरिकेड, पलीकडे पोलिसांची ओळ. मी फाटकाच्या आत उभी. कोणी आधी ढकललं हे मला सांगता येणार नाही. साहेबांच्या अहवालात मात्र ते सांगितलेलं आहे. घोषणा एकदम वाढल्या, मांडवातली माणसं पुढे सरकली, बायका मागे रेटल्या गेल्या आणि एका मुलीचा हात आईच्या हातातून सुटला. दुसरीतली मुलगी. ती बॅरिकेड आणि माणसांच्या मधोमध अडकली. लोखंडाची कड तिच्या छातीवर आणि पाठीमागून लोटणारी गर्दी. रडायलासुद्धा तिला श्वास मिळत नव्हता. तोंड उघडं, आवाज नाही.

मी ओरडत होते. सगळेच ओरडत होते, त्यामुळे माझं ओरडणं घोषणांत जमा झालं.

पोलिसांची ओळ जागची हलली नाही. ओळ मोडायची नाही असा हुकूम होता आणि शिस्त म्हणजे शिस्त. फक्त एक हलली. एक महिला शिपाई होती. मुलं तिला शिट्टीताई म्हणत, कारण फाटकावर ती शिट्टी वाजवून रस्ता थांबवायची. ती बॅरिकेडवर चढली, पलीकडे उतरली, दोन माणसांना कोपरानं बाजूला केलं आणि मुलीला उचलून डोक्याच्या वर धरलं. तशीच फाटकातून आत आली आणि माझ्या हातात दिली. मुलीच्या गळपट्टीपासून खाली लाल वळ उमटला होता. शिट्टीताई म्हणाली, "बाई, हिला पाणी द्या," आणि परत जाऊन ओळीत उभी राहिली.

साहेबांनी तिथंच, सर्वांसमोर, तिला विचारलं, "तुझी जागा कुठे होती?"

ती म्हणाली, "ओळीत, साहेब."

"मग?"

तिनं नुसती टोपी सरळ केली. मला वाटतं तिला उत्तर येत होतं.

साहेब, तुमच्या खात्याला टोमणा मारावा हा हेतू नाही. तुम्ही पाहुणे आहात. शिट्टीताईची बदली गावाबाहेरच्या चौकात झाली, हे मी निव्वळ माहिती म्हणून सांगते. आजच्या कार्यक्रमाला येते म्हणाली होती, पण चौक सोडून येता येत नाही. तिथं ओळीत उभी असते. गाड्यांच्या.

त्याच दुपारी अध्यक्षांच्या दालनात बैठक झाली. साहेब म्हणाले, "मी म्हटलं नव्हतं? कारण काढून टाका, परिणाम थांबेल. ती मुलं काही दिवस घरी राहू द्या." अध्यक्ष म्हणाले, "बाई, वातावरण निवळेपर्यंत. घरी गृहपाठ पाठवू."

मी म्हटलं, "सर, पाणी निवळतं ते त्यात फिरणारा हात बाहेर काढल्यावर. तुम्ही तर पाणीच बाहेर काढायला निघालात."

अध्यक्षांनी माझ्या भाषेचं कौतुक केलं आणि निर्णय कायम ठेवला.

साहेबांनी त्यात एक भर घातली. सकाळच्या गोंधळाचा धडा घेऊन त्यांनी आदेश दिला की गावातली मुलं एकदा आत गेली की फाटकाला कुलूप. शाळा सुटेपर्यंत आतलं कोणी बाहेर नाही, बाहेरचं कोणी आत नाही. पालकसुद्धा नाही. अपवाद नाही. आदेश स्पष्ट होता, आणि मला स्पष्ट भाषा आवडते.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावातली मुलं आली, कुलूप लागलं. वस्तीतली मुलं तरीही आलेली, आयांबरोबर बॅरिकेडच्या पलीकडे, उन्हात. आपले शिपाईमामा घंटेची दोरी धरून माझ्याकडे बघत होते. मी म्हटलं, "मामा, घंटा द्यायची नाही."

"बाई, वेळ झाली."

"वेळ झाली. मुलं कुठे झालीत सगळी?"

मामांनी दोरी सोडली. ते पूर्वी कुठल्याशा कारखान्यात होते, संप म्हणजे काय हे त्यांना समजावावं लागलं नाही.

घंटा नाही म्हणून प्रार्थना नाही. प्रार्थना नाही म्हणून हजेरी नाही. गणिताचे सर तीनदा येऊन गेले. "बाई, पहिला तास?" मी म्हटलं, "सर, पहिला तास शाळा भरल्यावर असतो." मुलं पटांगणात झाडाखाली बसली. गप्पा झाल्या, भेंड्या झाल्या. डबे खायची परवानगी दिली, हो, मी काही राक्षसीण नाही. पण शाळा भरली नाही ती नाहीच.

दुपार झाली. शाळा सुटायची वेळ. पालक मुलांना न्यायला जमले. मांडवातले बहुतेक तेच पालक होते, त्यामुळे त्यांना फार चालावं लागलं नाही. नेहमीसारखे फाटकाशी आले, तर बॅरिकेड. भाऊ बॅरिकेडवरून मला म्हणाले, "बाई, घंटा द्या की."

"कसली?"

"सुटायची."

"भाऊ, शाळा भरलीच नाही, तर सुटणार कशी?"

भाऊंनी कान खाजवला. शाळेत असतानाही उत्तर येत नसलं की ते असेच कान खाजवायचे. मग ते साहेबांकडे वळले. "साहेब, फाटक उघडा. पोरगी आत आहे माझी."

साहेब म्हणाले, "शाळा सुटेपर्यंत उघडता येणार नाही. आदेश आहे."

"अहो, पण कोणाचा?"

"माझा. तुमच्याच मुलांच्या संरक्षणासाठी."

मग जे झालं ते आपल्यातल्या अनेकांनी पाहिलं. तोपर्यंत शाळेविरुद्ध असलेल्या घोषणा हळूहळू पोलिसांविरुद्ध वळल्या. पाट्या बदलायला वेळ नव्हता, त्यामुळे लोक 'शाळा वाचवा' असं लिहिलेल्या पाट्या नाचवत पोलिसांना शिव्या देत होते. साहेबांनी आणखी कुमक मागवली. आत मुलं, बाहेर आईबाप, मध्ये कायदा. बॅरिकेडच्या एका टोकाला गावातल्या आया, दुसऱ्या टोकाला वस्तीतल्या आया, आणि दोघींचंही म्हणणं शब्दशः एकच होतं की आमच्या पोरांना अडवणारे तुम्ही कोण?

तेवढ्यात भाऊंच्या घरातून वहिनी आल्या. वहिनी, तुम्ही पुढच्या रांगेत बसला आहात, माझं काही चुकलं तर सांगा. मुलगी दहावीत, परीक्षा तोंडावर, घरी आली नाही म्हणून त्या स्कूटरवरून थेट इथे. आधी नवऱ्याला म्हणाल्या, "तो कर्णा बंद करा. बाई काय म्हणतायत ते ऐकू येत नाहीये मला."

कर्णा बंद झाला. कितीतरी आठवड्यांनी त्या रस्त्यावर मला माझा स्वतःचा आवाज ऐकू आला.

वहिनींनी विचारलं, "बाई, ही मुलं आत आली की घंटा देणार?"

"लगेच."

"मग शाळा भरणार?"

"भरणार, आणि सुटणारही."

वहिनींनी शेजारी पाहिलं. शेजारी ती खडी फोडणारी बाई, कडेवर आदल्या दिवशीची ती मुलगी, गळ्याशी वळ तसाच. वहिनी त्या वळाकडे बघत राहिल्या. किती वेळ ते मी सांगत नाही. मग पदर खोचला, बॅरिकेडचं एक टोक धरलं आणि भाऊंना म्हणाल्या, "बघता काय? धरा तिकडून."

आणि भाऊंनी धरलं. मांडव उभारण्यात आणि उतरवण्यात हयात गेलेला माणूस. लोखंड कसं उचलायचं हे त्यांना कोणी शिकवायला नको होतं. त्यांच्या माणसांनी दुसरं धरलं, तिसरं धरलं. पोलिसांची ओळ तशीच उभी, कारण ओळ मोडायची नाही हा हुकूम कायम होता. मोकळ्या झालेल्या वाटेनं आधी वस्तीतली मुलं आली. साहेबांनी कुलपाची किल्ली काढली. त्यांचा चेहरा... असो. किल्ली काढली, हे महत्त्वाचं.

मामांनी घंटा दिली. इतकी लांबवली की मला हात धरून थांबवावं लागलं.

शाळा त्या दिवशी फार तर अर्धा तास भरली. मी पाचवीत गेले. वस्तीतली मुलं त्या दिवशी आपापल्या इयत्तेत बसवली होती, एकेका बाकावर तिघं-तिघं. वस्तीतल्या एका मुलानं शेजाऱ्याला विचारलं, "तुझा पण कर्कटक नेला?" शेजारी म्हणाला, "सगळ्यांचे नेले." एवढ्यावर दोघांची मैत्री झाली. जप्तीचा असा उपयोग साहेबांच्याही ध्यानात आला नसेल. मी काय शिकवलं ते मला आठवत नाही. मुलांनाही आठवत नसणार. मग घंटा झाली आणि सगळी मुलं एकाच फाटकातून घरी गेली.

त्या प्रकरणात बळाचा वापर न करता परिस्थिती हाताळल्याबद्दल साहेबांना पदक आणि बढती मिळाली. अभिनंदन, साहेब. बळ वापरलं नाही हे सत्यच आहे. ते सगळं वहिनींचं होतं. भाऊंनी मुलांच्या परीक्षांचा विचार करून आंदोलन तात्पुरतं स्थगित केलं, त्यांच्या मोठ्या मनाबद्दल त्यांचा गेल्या महिन्यात सत्कार झाला. आणि मुलांना विनाकारण अडकवून ठेवल्याबद्दल मला स्वेच्छा झाली.

निकालाची ज्यांना काळजी होती त्यांच्यासाठी सांगते, निकाल दरवर्षीसारखाच लागला. अभ्यास करणारे पास झाले. गणितात पडणारे गणितात पडले, दोन्ही वस्त्यांतले.

तेव्हा, सन्मानपत्रात दुरुस्ती एवढीच. शाळा एक दिवस बंद होती. जवळजवळ पूर्ण दिवस. ती मी बंद ठेवली होती, आणि माझ्या नोकरीत मी केलेलं सर्वांत चांगलं काम तेच होतं असं मला वाटतं. ते सन्मानपत्रातून वगळलं गेलं, म्हणून राहवलं नाही.

आता आभार मानते आणि... एक मिनिट. काय मामा? माइकपासून लांब बोला, नाहीतर सगळ्यांना ऐकू जाईल. काय? कोणाला अडवलंय?

माफ करा मंडळी. मामा सांगतायत की बाहेर फाटकाशी वस्तीतल्या बायका उभ्या आहेत, मुलांना घेऊन. मघापासून. आपली सभा सुरू झाली तेव्हापासून. फाटकावरचे शिपाई छापील आमंत्रण मागतायत. आमंत्रण मी तोंडी दिलं होतं, त्यांच्या दारात जाऊन. मला वाटलं होतं, माझ्या निरोपाला मी बोलावलेलं पुरेल.

साहेब, तुमच्या बाजूनं नियम बरोबर आहे, मला ठाऊक आहे. आंदोलन नुसतं स्थगित आहे, मागे घेतलेलं नाही, त्यामुळे बंदोबस्तही उठलेला नाही. नको, नको, फोन ठेवा. तुम्ही हुकूम सोडणार, तो तिथं पोचणार, कोणी खात्री करून घेणार. बायका किती वेळ उभ्या राहतील?

मी जाते. आजपासून मी या शाळेची कोणी नाही, तेव्हा मला अडवायलाही कोणाला काही कारण नाही. आणि अडवलंच, तर त्यांच्याबरोबर बाहेर उभी राहीन. निरोप काय, तिकडेही घेता येतो.

वहिनी, तुम्ही कशाला उठलात? बसा ना. बरं, चला. अहो, सगळेच उठू नका, खुर्च्या पडतायत. भाऊ, तुमच्या खुर्च्या! ... बरं. उठलाच आहात तर चला.

तर अध्यक्ष महाशय, साहेब, आपण व्यासपीठावरच थांबावं, पाहुण्यांना त्रास नको. माझ्या सहकाऱ्यांचे आभार. सांगाड्याशेजारी बसून त्यांनी वह्या वेळेत तपासल्या. मामांचे आभार. आणि जी आज चौकात उभी आहे, तिचे. आमच्या यांचेही, ते बघा, घड्याळ बघायचं सोडून आमच्याआधी दारापर्यंत पोचलेसुद्धा.

बोलताना काही कमी-जास्त झालं असेल, तर जे कमी पडलं त्याची तेवढी माफी असावी. जास्त काही बोललेले नाही.